हजेरीपट साहेबाच्या कपाटात

‘दस्तऐवज’ हा शब्द आपल्याकडे फारसीतून आला. त्यातला ‘दस्त’ म्हणजे हात. हाताशी धरावा असा आधार, तो दस्तऐवज. पण रोजंदारीवर राबणाऱ्या माणसाचा दस्तऐवज त्याच्या हाती नसतो. तो साहेबाच्या कपाटात असतो.

समजा, मुखेड तालुक्यातला एक गडी सरकारी रोपवाटिकेत पाच-सहा वर्षे रोजंदारीवर होता. एके दिवशी त्याला सांगितले, ‘उद्यापासून येऊ नकोस.’ कामावर घेतल्याचा कागद नाही, काढल्याचाही नाही. मजुरी मस्टरवर अंगठा उठवून मिळायची. तो न्यायालयात गेला, की पहिला प्रश्न येतो : वर्षात २४० दिवस काम केल्याचा पुरावा काय?

हा आकडा कुठून आला? १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यानुसार बारा महिन्यांत २४० दिवस काम भरले, की वर्षाची सलग सेवा धरली जाई. अशा कामगाराला कमी करताना महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार, शिवाय दर वर्षामागे १५ दिवसांच्या सरासरी पगाराइतकी भरपाई देणे मालकाला भाग होते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या कायद्याची जागा औद्योगिक संबंध संहिता, २०२० ने घेतली. २४० दिवसांची अट तिच्यातही आहे.

हे दिवस सिद्ध करायचे कुणी? कामगाराने, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये सांगितले. नुसते प्रतिज्ञापत्र पुरणार नाही. मग कपाटातला कागद त्याने आणावा कसा? याचे उत्तर ७ नोव्हेंबर २००५ च्या निकालात मिळते. कर्नाटकातला एक रोजंदारी कामगार १९८८ ते १९९४ या काळातल्या कामासाठी भांडत होता. न्यायालयाने मान्य केले, की अशा माणसाजवळ ना नेमणुकीचे पत्र असते, ना मजुरीची पावती. तो एवढेच करू शकतो : मस्टर, वेतन नोंदवही आणि हजेरीपट हजर करा, अशी मागणी. त्याने ती केली होती. स्वतः साक्ष दिली होती आणि आधीच्या अभियंत्याचा दाखलाही जोडला होता. खात्याने सगळी मस्टर्स दाखवली नाहीत. कामगार जिंकला.

मात्र त्याच निकालात एक इशारा आहे. कागद आला नाही, एवढ्यावरून तो मालकाविरुद्ध धरला जात नाही. ‘कागद दडवला जात आहे’ असे कामगाराने आधी म्हटलेले असावे लागते. म्हणजे गप्प बसणाऱ्याला कायदा हात देत नाही. अर्ज लेखी हवा. कोणत्या वर्षाचे, कोणत्या कामावरचे मस्टर हवे, ते त्यात नेमके लिहावे. खालच्या न्यायालयाने तो विनाकारण फेटाळला, तर नांदेड-लातूरकरांसाठी उच्च न्यायालयाचे खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला, म्हणजे पूर्वीच्या औरंगाबादला आहे. तिथे रिट याचिका करता येते. तिथे सहसा पुरावा नव्याने तोलत नाहीत. बाजू मांडायची न्याय्य संधी मिळाली की नाही, हे पाहतात.

काही वेळा दोन्ही पक्ष लेखी कराराने वाद लवादाकडे सोपवतात. तिथे जास्त सावध राहावे. कागद हजर करायला लावण्याचे दिवाणी न्यायालयाचे अधिकार जुन्या कायद्याने कामगार न्यायालयाला दिले होते. त्या यादीत लवादाचे नाव नव्हते. म्हणून करारावर सही करण्याआधीच ‘मालक अमुक नोंदी दाखवील’ हे कलम घालून घ्यावे. नंतर मागून मिळेलच असे नाही.

काम सरकारी असेल तर माहितीचा अधिकार आहेच. २००५ च्या या कायद्याने दहा रुपयांच्या अर्जावर तीस दिवसांत उत्तर मागता येते. दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला शुल्क नाही. वाद सुरू होण्याआधीच अर्ज करावा, कारण जुनी मस्टर्स कायमची जपली जात नाहीत.

खासगी कारखान्याला हा अर्ज चालत नाही. पण दहा किंवा अधिक कामगार असलेल्या ठिकाणी नव्या कामगार संहितांनी नियुक्तिपत्र सक्तीचे केले आहे. ते मागून घ्यावे. पगाराची चिठ्ठी फेकू नये. आणि घरच्या वहीत रोजची तारीख, कामाची जागा, मुकादमाचे नाव, सोबतच्या दोघांची नावे लिहावीत. लिहिता येत नसेल तर शाळेत जाणाऱ्या लेकराकडून लिहून घ्यावे. एकट्या वहीवर खटला जिंकता येत नाही. पण कोणत्या महिन्याचे मस्टर मागायचे, हे तीच सांगते.