गेम डी ड्राइव्हला, जीव सी ड्राइव्हला

"मॅडम, डी ड्राइव्हला हातसुद्धा लावलेला नाही. सगळा डेटा सेफ आहे!"

२०२२ मध्ये लॅपटॉप रिपेअरवाल्यानं हे सांगितलं आणि मी खुशीत त्याला पैसे देऊन घरी आले. विश्वास का ठेवू नये? कॉम्प्युटरच्या बाबतीत आपल्याकडे लहानपणापासून एकच फंडा शिकवला जातो: सी ड्राइव्ह विंडोजचा, डी ड्राइव्ह आपला. गाणी, पिक्चर, ताईच्या लग्नाचे फोटो, गेम्स, सगळं डीमध्ये टाकायचं. मग व्हायरस येऊ दे नाहीतर काहीही, सी बिनधास्त फॉरमॅट मारायचा.

माइनक्राफ्टही मी शहाण्यासारखा डी ड्राइव्हलाच टाकला होता. घरी आल्यावर सुरू केला. मस्त सुरू झाला. फक्त वर्ल्ड्सची यादी रिकामी होती.

आता त्या यादीत काय होतं ते सांगते. मार्च २०२० मध्ये लॉकडाऊन लागला तेव्हा आम्ही मास कॉमचे चौघंजण आपापल्या घरी अडकलो होतो. सातारा, सांगली, ठाणे, नागपूर. टाइमपास म्हणून माइनक्राफ्टमध्ये कॉलेजचं कँटीन बांधायला घेतलं आणि आठ महिने बांधतच बसलो! वर्ल्ड माझ्या लॅपटॉपवर, बाकीचे तिघं रात्री जॉइन व्हायचे. गळका पत्रा, वडापावचं काउंटर, मागचं कडुनिंबाचं झाड, भिंतीवरचा नोटीस बोर्ड आणि त्यावर प्रत्येकाचं टोपणनाव. आमच्यातली एक आता डब्लिनला असते. "एकदा सगळे परत जाऊ या ना कँटीनला," असा तिचा मेसेज आला म्हणून तर मी गेम उघडला होता. तिला काय सांगायचं, हे सुचायला मला दोन दिवस लागले.

गेलं कुठे कँटीन? तर ते डी ड्राइव्हमध्ये कधी नव्हतंच.

दोन घरांचा संसार

बॉस, ही एक गोष्ट मला आधी कुणी सांगितली असती तर! कॉम्प्युटरवरचा कुठलाही गेम म्हणजे दोन वेगळ्या वस्तू असतात. एक म्हणजे गेम स्वतः: चित्रं, आवाज, प्रोग्राम. तो कितीही अगडबंब असला तरी तुमच्याकडे आणि ब्राझीलमधल्या पोराकडे डिट्टो सारखाच असतो. उडाला तर परत डाउनलोड करा. दुसरी वस्तू म्हणजे तुम्ही त्यात काय केलंत त्याची नोंद, म्हणजेच सेव्ह फाइल. ती बहुतेक वेळा चिमुकली असते, जगात फक्त तुमच्याकडे असते, आणि गेमच्या फोल्डरमध्ये सहसा नसतेच. गेम तुम्ही डी ड्राइव्हला टाका नाहीतर बाहेरच्या हार्ड डिस्कला, सेव्ह आपली गुपचूप सी ड्राइव्हमध्ये, तुमच्या युजर अकाउंटच्या पोटात जाऊन बसते. फॉरमॅट मारला की पहिली तीच जाते.

माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत ती जागा म्हणजे अॅपडेटा, त्यात रोमिंग, त्यात डॉट माइनक्राफ्ट, त्यात सेव्हज. प्रत्येक वर्ल्डचं एकेक फोल्डर. गंमत म्हणजे अॅपडेटा हे फोल्डर विंडोज मुळातच लपवून ठेवतं, आपण भलतंसलतं काही डिलीट करू नये म्हणून! इतकी वर्षं कॉम्प्युटर वापरून मी ते एकदाही पाहिलं नव्हतं.

डेटा रिकव्हरीवाल्याकडेही जाऊन आले. जुन्या फिरत्या हार्ड डिस्कमधून अशा फाइल्स कधी कधी परत मिळतात, पण अट ही की त्यावर नवीन काही लिहिलं गेलेलं नसावं. माझ्या लॅपटॉपमध्ये एसएसडी. तिच्यात डिलीट झालेली जागा डिस्क स्वतःच साफ करून टाकते, त्याला ट्रिम म्हणतात. खेळ खल्लास.

त्यानंतर मी जरा सायको झाले. प्रत्येक गेमचं दुसरं घर शोधायचं वेडच लागलं. आणि शोधताना लक्षात आलं की इथे नियम असा काही नाहीच. विचर ३ सरळमार्गी, डॉक्युमेंट्समध्ये स्वतःच्या नावाचं फोल्डर करतो, त्यात गेमसेव्हज. स्कायरिम डॉक्युमेंट्समध्येच, पण माय गेम्स नावाच्या फोल्डरच्या आत. जीटीए ५ पण डॉक्युमेंट्समध्ये, तिथे रॉकस्टार गेम्स, मग प्रोफाइल्स. स्टारड्यू व्हॅली अॅपडेटाच्या रोमिंगमध्ये. होलो नाइट अॅपडेटातच, पण लोकललो नावाच्या कोपऱ्यात, तेही टीम चेरी या कंपनीच्या नावाखाली. म्हणजे गेमच्या नावानं शोधत बसलात तर बाहेरून काही दिसणारच नाही! युनिटी इंजिनवर बनलेले बरेच गेम्स तिथेच राहतात, त्यामुळे आधी कंपनीचं नाव बघायचं, मग गेमचं.

मायक्रोसॉफ्टनं हा गोंधळ आवरायला व्हिस्टाबरोबर २००७ मध्ये सेव्हड गेम्स नावाचं खास फोल्डर दिलं होतं. तुमच्याही कॉम्प्युटरवर ते असेल. उघडून बघा, बहुधा ओस पडलेलं दिसेल. त्याच व्हिस्टानं आणखी एक चक्रावणारा प्रकार केला. एज ऑफ एम्पायर्स २ सारखे १९९९चे गेम्स आपली सेव्ह स्वतःच्याच फोल्डरमध्ये ठेवायचे. व्हिस्टापासून प्रोग्राम फाइल्समध्ये असं कुणीही लिहिलेलं विंडोजला चालेना, मग अशा जुन्या गेम्सच्या फाइल्स ते हळूच व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या दुसऱ्याच फोल्डरमध्ये वळवायला लागलं. गेमला वाटतं आपण आपल्याच घरात ठेवलंय. आपणही तिथेच शोधतो. आणि फाइल असते भलतीकडेच!

शोधायची कशी?

माझी पद्धत एकदम देशी. गेम सुरू करा, सेव्ह करा, बंद करा. मग विंडोजचं बटण आणि आर दाबून, येणाऱ्या चौकटीत इंग्रजीत %अॅपडेटा% टाइप करा. लपलेलं फोल्डर थेट समोर! (कायमचं दिसायला हवं असेल तर विंडोज ११ मध्ये व्ह्यू, शो, हिडन आयटम्स.) आता यादी तारखेनुसार लावा. ज्या फोल्डरवर आत्ताची वेळ असेल ते तुमचं. नाहीच सापडलं तर डॉक्युमेंट्समध्ये हाच प्रयोग. एवढी मेहनत नको असेल तर पीसीगेमिंगविकीवर हजारो गेम्सच्या सेव्हचे पत्ते लिहून ठेवलेत, तिथे बघा.

स्टीमवाल्यांनी इथे हसू नये. "आमचं सगळं क्लाउडवर आहे" म्हणणारे माझ्या ऑफिसवाल्या मित्रांमध्ये ढिगानं आहेत. स्टीम क्लाउड २००८ पासून आहे हे खरं, पण तो प्रत्येक गेमला नसतो. स्टोअरच्या पानावर उजवीकडे तसं लिहिलेलं असेल तरच. शिवाय तो बॅकअप नव्हे, तो आरसा आहे. इथली सेव्ह बिघडली की तिथलीही बिघडते. दोन मशिनवर खेळत असाल तर कधीतरी एक खिडकी येते: इथली फाइल ठेवू की क्लाउडवरची? घाईत कुठलंही बटण दाबू नका, दोन्हींच्या तारखा वाचा. एका मित्रानं शुक्रवारी रात्री घाईत जुनी निवडली आणि विचरमधले तीस तास गेले. वीकेंडचा पार बोऱ्या!

आणि नव्या लॅपटॉपवर वनड्राइव्ह तुमचं डॉक्युमेंट्स फोल्डर परस्पर उचलून स्वतःकडे नेतं, हेही बघून ठेवा. फुकटच्या ५ जीबीत ते गेम्सच्या फोल्डर्सनाही कोंबतं. भरलं की सिंक बंद.

सी ड्राइव्ह लाल झाला म्हणून शंभर जीबीचा गेम काढून टाकताना मात्र आता माझा हात थरथरत नाही. आधी सेव्हचं फोल्डर कॉपी, मग अनइन्स्टॉल. एवढंच.

आठवा स्लॉट

२०२४च्या दिवाळीत साताऱ्याला घरी गेले तर आईनं फर्मान काढलं, "तो खोक्याएवढा कॉम्प्युटर भंगारवाल्याला द्यायचाय. कपाटाची जागा अडवतो." बंगळूरहून दादाचा लगेच फोन. "ए, देऊ नकोस! आधी व्हाइस सिटीच्या सेव्हज काढ."

आमच्या पिढीला व्हाइस सिटी काय चीज आहे ते सांगायला नको. २००३ मध्ये पीसीवर आलेला, दोन सीडींचा गेम. पॅन्झर टाइप केलं की आकाशातून पडल्यासारखा रणगाडा हजर! सेव्ह करायला हॉटेलात जाऊन गुलाबी कॅसेटवर उभं राहायचं. एकूण आठ स्लॉट. आमच्या घरात त्यावरून महायुद्धं झाली आणि शेवटी आईनं वाटणी करून दिली: एक ते चार दादाचे, पाच ते सात माझे. आठवा कुणाचाच नाही, भांडण नको म्हणून.

खोका चौथ्या प्रयत्नात सुरू झाला. एक्सपीची ती हिरवी टेकडी बघून पोटात कसंतरीच झालं. माय डॉक्युमेंट्स, त्यात जीटीए व्हाइस सिटी युजर फाइल्स. तीन फाइल्स दादाच्या, दोन माझ्या. प्रत्येकी जेमतेम २०० केबी. आणि आणखी एक, आठ नंबरची.

तारीख नोव्हेंबर २०१२. वेळ रात्री एक चाळीस.

फाइल नंतर कितीही वेळा कॉपी करा, शेवटच्या बदलाची तारीख बदलत नाही. म्हणजे ही वेळ खरी. त्या नोव्हेंबरात दादा इंजिनीअरिंगच्या होस्टेलवर होता. माझं दहावीचं वर्ष, कॉम्प्युटरचा पासवर्ड आईनं बदललेला. आई त्या खोक्याला फक्त पुसायला हात लावते.

राहता राहिले बाबा. जिल्हा परिषदेत तीस वर्षं फायली सांभाळलेले, रात्री दहाला दिवे मालवणारे आमचे बाबा!

मी गेम उघडून आठवा स्लॉट लोड केला. शेवटचं मिशन 'द पार्टी', म्हणजे जवळजवळ सुरुवातच. वादळाच्या इशाऱ्यामुळे पूल बंद असतात, तो अडथळाही ओलांडलेला नाही, पलीकडचं अर्धं शहर पाहिलेलंच नाही. मग हा माणूस करत काय होता? पॉज करून स्टॅट्स बघितले. टॅक्सीतून पोचवलेले प्रवासी: १०४.

बाबांना आजही कार येत नाही. आयुष्यभर स्कूटर.

"बाबा, हे तुम्ही?" मी हाक मारली. ते चष्मा शोधत आले, स्क्रीन बघितली आणि चक्क लाजले.

"अगं, तू अभ्यासात, तो तिकडे. झोप यायची नाही. त्याला बघितलं होतं खेळताना, म्हटलं बघू. मारामारी काय आपल्याला जमत नाही. टॅक्सी बरी वाटायची. माणसं बसायची, उतरायची, पैसे द्यायची."

"मग सोडलात का?"

"बिघडला ना तो. हॉर्न वाजवला की टॅक्सी उडी मारायची. म्हटलं, आपल्या हातून काहीतरी झालं. तुम्ही ओरडाल म्हणून बोललो नाही."

मी हसून हसून खुर्चीतून पडायची बाकी होते. व्हाइस सिटीत एकूण शंभर प्रवासी पोचवले की बक्षीस मिळतं. हॉर्न दाबला की टॅक्सी हवेत उडते. दादाला ते कधीच मिळालं नाही, मला असं काही असतं हेही तेव्हा माहीत नव्हतं. बाबांनी शंभर पूर्ण केले, बक्षीस मिळालं, आणि गेम मोडला म्हणून बारा वर्षं गुपचूप बसले.

"बिघडला नव्हता, बाबा. तुम्ही जिंकला होतात."

"असं होय?" म्हणाले आणि खुर्ची ओढून बसले.

मी आधी सहाही फाइल्स पेनड्राइव्हवर घेतल्या, एक कॉपी लॅपटॉपवर, एक दादाला मेल. सगळं मिळून सव्वा एमबी, एका फ्लॉपीत मावेल इतकं. मग बाबांनी टॅक्सी काढली. सिग्नलला थांबले! मागच्या गाडीला जागा दिली, आणि समुद्राकाठच्या रस्त्यावर आल्यावर एका बोटानं हॉर्न दाबला. टॅक्सी उडाली. परत दाबला. आई फराळाचं ताट घेऊन दारात उभी, "भंगारवाला येतोय चारला" म्हणत. कुणी वळून बघितलं नाही.

शेवटी हॉटेलात जाऊन त्यांनी स्वतः कॅसेटवर सेव्ह केलं, आठव्या स्लॉटमध्ये. ती नवी फाइलही मी दादाला पाठवली. रात्री त्याचा फोन: "काय गं, ह्यावर तारीख २००४ची कशी?"

खोक्याच्या मदरबोर्डवरचा सेल कधीचाच मेलाय, त्यामुळे घड्याळ मागे जातं. दुसऱ्या दिवशी पोवई नाक्यावरून नवा सेल आणला. बाबांनीच आणला.