कात्री आणि कथा : दिग्दर्शक अनंत माने

चित्रपट पाहून घरी परतल्यावर नटनटींची वाखाणणी होते, गाणी गुणगुणली जातात. परंतु ज्याच्या कात्रीने तो चित्रपट आकारास येतो, त्या संकलकाचे नाव सहसा कोणी विचारीत नाही. अशा पडद्याआडच्या कामातून पुढे येऊन मोठे दिग्दर्शक झालेले अनंत माने (१९१५–१९९५) यांचा अल्प परिचय वाचकांस करून द्यावा, असे आम्ही योजिले आहे.

माने मूळचे कोल्हापूरचे. १९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेली व १९३३ मध्ये पुण्यास आलेली प्रभात फिल्म कंपनी हीच त्यांची पाठशाळा. तेथे संकलनाच्या कामात त्यांची उमेदवारी झाली. संकलन म्हणजे नुसती काटछाट नव्हे. त्या काळची ३५ मिलिमीटरची फीत दर सेकंदास २४ चित्रे, म्हणजे मिनिटास ९० फूट, या वेगाने पडद्यावर सरके. चित्रित झालेल्या हजारो फुटांतून योग्य ती निवडावी, हाताने कापावी, जोडावी आणि ध्वनीशी तिचा मेळ घालावा, असे हे काम होते. मुद्रा क्षणभर अधिक रेंगाळली तर रसभंग होतो. क्षणभर आधी तुटली तर भाव पोहोचत नाही. अकराव्या शतकात क्षेमेंद्राने काव्याच्या ठायी ज्या औचित्याची थोरवी सांगितली, तेच येथे कात्रीच्या टोकावर वसते.

ही शिस्त अंगी बाणलेले माने दिग्दर्शक झाले आणि त्यांनी विषय निवडला तो तमाशाचा. १९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’ने ती पायवाट दाखविली होती, तिचा राजमार्ग केला तो मान्यांच्या ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) या चित्रपटाने. संवाद व्यंकटेश माडगूळकरांचे, गीते ग. दि. माडगूळकरांची, संगीत वसंत पवारांचे. आणि हंसा वाडकर व जयश्री गडकर यांच्या प्रमुख भूमिका. पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात तो १३१ आठवडे चालला.

कुंडलिकेच्या काठच्या आमच्या अष्टमीसारख्या गावांतील पांढरपेशा घरांत तमाशाचे नाव काढणेही एके काळी अप्रशस्त मानले जाई. ‘सांगत्ये ऐका’त गावच्या पाटलाने केलेला अन्याय उघडा पडतो तो तमाशाच्या बोर्डावरून. ज्या स्त्रीला समाजाने केवळ पाहावयाचे, तिचेच आता ऐकावयाचे! हंसाबाईंनी पुढे आपल्या आत्मकथनास हेच नाव दिले, आणि त्याच्या आधारे श्याम बेनेगल यांनी १९७७ साली ‘भूमिका’ हा हिंदी चित्रपट निर्मिला.

पाटील, फड आणि लावणी यांचा पुढे साचाच बनून गेला, हा आक्षेप खोटा नाही. तथापि मान्यांची दृष्टी तेवढ्यापुरती नव्हती. ‘मानिनी’ (१९६१) मध्ये त्यांनी कौटुंबिक विषय हाताळून बहिणाबाई चौधरींचे काव्य पडद्यावर आणिले, आणि व्ही. शांताराम यांच्या ‘पिंजरा’ (१९७२) या चित्रपटाची कथाही त्यांचीच. आदर्श मास्तराच्या अधःपाताची ती कथा पाहताना आम्हां शाळामास्तरांची मान थोडी खाली जाते. पण अहंकाराने उभारलेले शील किती ठिसूळ असते, हे तीतून जसे कळते तसे नीतिपाठातून क्वचितच कळेल.

इंग्लंडात डेव्हिड लीन, आपल्याकडे हृषीकेश मुकर्जी हेही संकलनातूनच दिग्दर्शनाकडे आले. काय ठेवावे आणि काय टाकावे हा विवेक ज्यास साधला, त्यास कथा सांगण्याचा अधिकार आपोआप प्राप्त होतो. घरातील मुलामुलींनी चित्रपट अवश्य पाहावा. मात्र नामावलीतील संकलकाचे नाव वाचण्यापुरते त्यांनी डोळे उघडे ठेवावे, एवढीच आमची सूचना आहे.