जादूगाराच्या जिभेत सुई

होशरुबा नावाच्या मुलखात जादूगार कधी गुपचूप मरत नाही. भरदुपारी आभाळ काळंठिक्कर पडतं, वावटळ सुटते, कल्लोळ उठतो आणि त्या गोंधळातून मेलेल्याचाच आवाज येतो : मारलं हो मला, माझं नाव अमुक होतं! स्वतःची निधनवार्ता स्वतःच देण्याची ही सोय ज्या कुणा दास्तानगोला, म्हणजे कथेकऱ्याला, सुचली, त्याला माझा दंडवत. मी या मुलखात शिरलो त्याला बरीच वर्षं झाली. घरच्यांनी माझ्या सुटकेची आशा सोडली आहे.

आता थोडी पार्श्वभूमी, कारण संपादकांना ती लागते. अमीर हमजा या वीराच्या दास्ताना, म्हणजे अद्भुत कथा, फारसीतून आपल्याकडे आल्या. अकबराने त्यांवर सुमारे १४०० चित्रं काढवून घेतली. पुढे उर्दूत त्या फुगत गेल्या आणि लखनौच्या नवल किशोर छापखान्याने त्या ४६ जाडजूड खंडांत छापल्या. त्यांतला मुकुटमणी म्हणजे 'तिलिस्म-ए-होशरुबा'. त्याचे पहिले चार खंड मुहम्मद हुसेन जाह यांचे, पुढचे अहमद हुसेन कमर यांचे. काळ १८८३ ते १८९३. झाली पार्श्वभूमी.

तिलिस्म म्हणजे मंत्राने उभारलेलं आख्खं जग. नगरं, बागा, नद्या, पाखरं, सगळं मायावी. आणि आत गेलेल्याला बाहेरची वाट सापडत नाही. होशरुबाचे तीन भाग आहेत. 'जाहिर' हा उघडा मुलूख, 'बातिन' हा दरबारी जादूगारांचा गूढ प्रदेश आणि 'जुल्मात' हा निव्वळ अंधार. पहिल्या दोहोंच्या मधून रक्ताची नदी वाहते. तिच्यावर धुराचा पूल आहे आणि पुलावर धुराचेच दोन सिंह पहारा देतात. या सगळ्याचा बादशहा अफ्रासियाब.

पण प्रत्येक तिलिस्म जन्मतःच आपलं मरण सोबत आणतो. तो कोण फोडणार हे बांधणाऱ्यांनीच आधी सांगून ठेवलेलं असतं. फोडणाऱ्यासाठी एक 'लौह', म्हणजे पाटी, असते. पावलागणिक काय करायचं ते तीच सांगते. तिला न विचारता पुढे गेलात की अडकलात. होशरुबा फोडणार हमजाचा नातू असद, हे अफ्रासियाबाला पक्कं ठाऊक आहे. तरी तो हजारो पानं झुंजतो. खरं सांगायचं तर धर्मवीर असदपेक्षा माझा जीव या बादशहावरच जास्त आहे.

आणि आता माझी लाडकी माणसं : अय्यार, म्हणजे सोंगाडे हेर. असदबरोबर पाच अय्यार होशरुबात शिरतात. त्यांतल्या एकाचं नाव चक्क बर्क फिरंगी! त्यांचा गुरू अमर. जिऱ्याएवढे डोळे, दोऱ्यासारखी मान आणि पैशाचा हावरटपणा असा की शत्रूला लोळवल्यावर आधी त्याचे दागिने उतरवील. त्याच्या झंबील नावाच्या झोळीत आख्खं जग मावतं. अंगावर घेताच माणूस दिसेनासा होईल अशी चादर आणि काहीही पकडणारं जाळंही त्याच्यापाशी आहे. पण त्याचं खरं हत्यार सोंग. तो दासी होतो, गवई होतो, म्हातारी होतो. पेल्यात बेहोशीची पूड पडते, जादूगार आडवा होतो आणि अमर पहिलं काम करतो ते त्याच्या जिभेत सुई टोचण्याचं. जीभ हलली नाही की मंत्र नाही. मंत्र नाही की डोंगर उचलणारा सुलतानही नुसता गोळाभर मांस.

या सुईपायी मला आधुनिक जादूकथा फिक्या वाटतात. त्यांत जादूला जादूच हरवते. इथे जादूगार मंतरलेली संत्री आणि महाळुंगं फेकतात, उडदाचे दाणे फेकतात (उडदांचं ऐकून कोकणातला वाचक सावध झाला असेल), वीज पाडतात, आग ओकतात. आणि त्यांना लोळवतो तो सरबत वाटणारा. अफ्रासियाबापाशी सामरीचं पुस्तक आहे. उघडलं की कुठे काय चाललंय ते त्यात दिसतं. ती दासी म्हणजे अमर होता, हेही पुस्तक सांगतं. पण तोवर दासी दागिन्यांसह पसार झालेली असते. इतकी सत्ता हाती आली की सेवकाच्या तोंडाकडे बघायची गरज वाटत नाही. माझ्या मते या जादूतला खरा धोका हाच आहे, आणि तो जादूगारालाच आहे.

मराठी घरांत तिलिस्म पोचला तो मात्र दूरदर्शनवरच्या 'चंद्रकांता'तून, खलनायक क्रूरसिंहाच्या 'यक्कू' या आरोळीसकट. मूळ कादंबरी देवकीनंदन खत्रींची, १८८८ची. चकिया-नौगढच्या जंगलांचे ठेके घेणाऱ्या या माणसाने एक धाडसी उलटापालट केली : अय्यार ठेवले, जादू काढली. त्याच्या तिलिस्मात कळसूत्रं आहेत, खटके आहेत, भुयारं आहेत. ही कादंबरी वाचायला कितीतरी लोक हिंदी शिकले म्हणतात. मी त्या नादात कादंबरीतला चुनारचा किल्ला पाहून आलो. खाली गंगा, वर वालुकाश्माच्या भिंती, खोल विहीर; आणि प्रत्येक बंद दाराकडे बोट दाखवून 'तिलिस्म यहीं से' सांगणारा वाटाड्या. मी प्रत्येक वेळी मान डोलावली.

दास्तान मुळात ऐकायची चीज. दिल्लीचे शेवटचे नामवंत दास्तानगो मीर बाकर अली १९२८ साली गेले आणि ती कला जवळजवळ थांबली. उर्दू समीक्षक शम्सुर्रहमान फारुकींनी विखुरलेले खंड चिकाटीने जमवले, अभ्यासले; त्यांच्याच प्रेरणेने महमूद फारुकींनी २००५ साली प्रयोग पुन्हा सुरू केले. मुंबईत मी असा एक प्रयोग पाहिला. पांढऱ्या अंगरख्यातले दोघे जण, बैठक, लोड, पाण्याचे कटोरे, बस. जादूगार मेला तेव्हा एकही दिवा विझवला नाही, तरी सभागृहात वावटळ सुटली. कोट्यवधी खर्चून संगणकावर राक्षस रंगवणाऱ्यांनी हा प्रयोग जरूर पाहावा.

उर्दू लिपी येत नसेल तर 'चंद्रकांता'पासून सुरुवात करा. ती देवनागरीतच आहे. अफ्रासियाबाच्या तलवारबाज अय्यारणी सरसरवर अमरचा जीव जडतो, त्या भांडखोर प्रेमप्रकरणाला मी अजून हातही लावलेला नाही, आणि संपादक म्हणताहेत पानं संपली. त्यांनाही कुणीतरी सरबत पाजायला हवं.