विंचरू या, भादरू नका!

मुलांनो, एप्रिल-मे महिना आला, की वर्गात एक प्रश्न हमखास येतो. "बाई, आमच्या टॉमीला किती उकडत असेल! त्याचे केस कापून टाकू का?" प्रश्न मायेपोटी विचारलेला असतो, पण उत्तर आहे, "नको!"

पांढराशुभ्र, झुबकेदार शेपटीचा छोटा कुत्रा तुम्ही पाहिला असेल. सगळे त्याला पॉमेरेनियन म्हणतात. खरं तर आपल्याकडचे त्यातले बरेचसे 'इंडियन स्पिट्झ' असतात. त्याच्या अंगावर केसांचे दोन थर असतात. वर लांब, राठ केस आणि आत कापसासारखी मऊ लव. हे थर थंडीत ऊब देतात आणि उन्हाचा चटका थेट कातडीला बसू देत नाहीत. कुत्र्याला आपल्यासारखा अंगभर घाम येत नाही. तो जीभ बाहेर काढून धापा टाकतो आणि अंग गार करतो. मग केस भादरून काय मिळणार? उघडी कातडी मात्र उन्हाने पोळेल. काही कुत्र्यांचे केस तर पुन्हा पूर्वीसारखे येतही नाहीत.

मग करायचं काय? रोज दहा मिनिटं विंचरायचं! गळलेली लव निघाली, की केसांत हवा खेळते. केस ज्या दिशेला वळलेले असतील, त्याच दिशेने हलक्या हाताने ब्रश फिरवा. कानांमागे, काखेत, शेपटीखाली गुंते होतात. ते बोटांनी हळूहळू सोडवा. तिथे कात्री अजिबात नको! गुंत्याबरोबर कातडीही वर ओढली जाते आणि कात्रीत सापडते. घट्ट गुंता जनावरांच्या डॉक्टरांकडूनच काढून घ्यावा.

आंघोळ विंचरल्यानंतर घालायची, बरं का! गुंता भिजला, की आणखी घट्ट होतो. पाणी कोमट हवं, शाम्पू कुत्र्यांसाठीचाच हवा. फेस पूर्ण धुवा, कानांत पाणी जाऊ देऊ नका आणि अंग नीट कोरडं करा.

आता थोडं पालकांसाठी. विंचरताना गोचीड दिसली, तर मुलांना हात लावू देऊ नका. तुम्ही चिमट्याने ती अगदी कातडीलगत धरा आणि न पिळता सरळ ओढून काढा. रॉकेल मुळीच लावू नका. त्याने कातडीची आग होते आणि कुत्रा अंग चाटतो तेव्हा ते पोटात जातं. गोचिडींचं औषधही डॉक्टरांना विचारूनच आणा.

शेवटची गोष्ट सर्वांत महत्त्वाची. कुत्रा बोलत नाही, पण सांगतो! त्याने तोंड फिरवलं, कान मागे घेतले, अंग ताठ केलं किंवा तो गुरगुरला, तर त्याचा अर्थ 'आता पुरे!' लगेच थांबा. त्याला दाबून धरू नका, रागावूही नका. विंचरताना घरातलं मोठं माणूस जवळ असू द्या. कुत्रा चावला किंवा त्याचं नख लागलं, तर मार बसेल म्हणून लपवू नका. जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने १५ मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा. घरच्या कुत्र्याला रेबीजची लस दिलेली असली, तरीसुद्धा!

तर मग, कात्री ठेवा कपाटात आणि ब्रश घ्या हातात. आठवडाभरात टॉमी स्वतःच तुमच्यापुढे येऊन पाठ करून बसला, तर समजा, तुम्ही पास!