होडीची नोंद आणि आपलीं मुलें

सुटीच्या दिवसांत मुलांना तलावावर नेऊन वल्ह्यांच्या होडींत बसविण्याची हौस आतां घरोघरीं दिसते. मोटारीला सरकारी क्रमांक असतो. मग या लहानशा होडीची नोंद कोठें होते, असा प्रश्न सुज्ञ वाचकांच्या मनांत सहज येईल.

अंतर्देशीय नौकांविषयींच्या 1917 च्या कायद्याची दृष्टि यंत्रानें चालणाऱ्या नौकांवर होती. 2021 सालीं नव्या कायद्यानें त्याची जागा घेतली. यंत्रनौकांची तपासणी व नोंदणी त्यांत आवश्यक ठरविली असून, यंत्राविना चालणाऱ्या नौकांची नोंद जिल्हा, तालुका अथवा ग्रामपंचायतीच्या पातळीवर करण्याची तरतूदहि केली आहे. ही योजना आम्हांस युक्त वाटते. गांवच्या डोहाची खोली गांवकऱ्यांस जितकी ठाऊक, तितकी दूरच्या कचेरीस कशी असणार?

परंतु नोंद म्हणजे अभय नव्हे. 18 जानेवारी 2024 रोजीं बडोद्याच्या हरणी तलावांत शाळेच्या सहलीची नाव उलटून 12 विद्यार्थी व 2 शिक्षिका यांचा अंत झाला. नावेंत क्षमतेबाहेर माणसें होतीं आणि जीवरक्षक जाकिटें सर्वांच्या अंगावर नव्हतीं. जन्मभर मुलें सांभाळलेल्या आम्हांस ती वार्ता विसरतां येत नाहीं.

म्हणून घरांतील वडील मंडळींनीं होडींत पाय ठेवण्यापूर्वीं तीन गोष्टी विचाराव्या: नोंद आहे काय, किती जणांनीं बसावें, आणि प्रत्येकासाठीं जाकीट आहे काय? एकाचेंहि उत्तर समाधानकारक नसेल, तर मुलें रुसलीं तरी चालेल. कांठावरूनच तलाव पाहावा.