मंगोल चुलीपाशी

मंगोल गृहिणीच्या हाताखाली ‘बूझ’ शिकताना आपल्या मोदकाची सवय कामी येते. पारी मैद्याची, कडेला तशाच कळ्या. आत मात्र मेंढीच्या मांसाचा खिमा, कांदा आणि मीठ. तोंड किंचित उघडे ठेवून २० मिनिटे वाफवायचे. मसाल्याचे नाव नाही! सोबत दूध-मीठ घातलेला चहा. तो उजव्या हाताने घ्यावा. ‘त्सागान सार’ या नववर्षाच्या सणासाठी घरोघरी शेकडो बूझ करून बाहेरच्या थंडीतच गोठवतात.

उन्हाळ्यात दुधाचे ‘पांढरे’ अन्न, हिवाळ्यात मांसाचे ‘तांबडे’. पशुपालकाची सारी चूल कळपावर चालते. २०२३-२४ च्या भीषण हिवाळ्यात, तिकडच्या भाषेत ‘झुड’मध्ये, ७० लाखांहून अधिक जनावरे दगावली. पाहुण्यापुढे येणारा बूझ म्हणजे त्या घराने आपल्या पुंजीतूनच काढलेला घास!