अंगकोरची वाट, जोगेश्वरीहून

दिवाळीच्या सुट्टीत महाबळेश्वर-माथेरान करून समाधान मानणारी आपली मंडळी हल्ली थेट कंबोडियाला जाऊन येतात. परतल्यावर आठ-पंधरा दिवस चिवडा-लाडवांच्या साक्षीने फोटो दाखवण्याचा सोहळा चालतो. अंगकोर वाटची ती पाच शिखरे, खंदकाच्या पाण्यात पडलेले त्यांचे प्रतिबिंब आणि भिंतीवर कोरलेले समुद्रमंथन पाहून एखादे काका भारावून म्हणतात, "अहो, हे सगळे आपलेच की!" अंधेरी ते बोरिवली या टापूत जन्म काढलेला मी अशा वेळी हळूच विचारतो, "जोगेश्वरीची गुंफा पाहिलीत का?" बहुधा उत्तर येते, "जोगेश्वरीला गुंफा आहे?"

माझा प्रश्न खवचट वाटेल, पण अस्थानी नाही. अंगकोरचा आणि जोगेश्वरीचा धागा एक आहे. तो धागा राजांचा नाही, अंगाला भस्म फासून हिंडणाऱ्या गोसाव्यांचा आहे.

या गोसाव्यांचा पंथ पाशुपत. हातात लगुड, म्हणजे सोटा, धरणारा लकुलीश हा त्यांचा आद्य गुरू. त्याचे स्थान गुजरातेत बडोद्याजवळचे कारवण. सहाव्या शतकात या पंथाने आपल्या कोकणपट्टीत जोर धरला, आणि जोगेश्वरी, घारापुरी, बोरिवलीजवळचे मंडपेश्वर ही शिवाची लेणी त्या काळाच्या आगेमागे खोदली गेली. वॉल्टर स्पिंक या अमेरिकन अभ्यासकाने जोगेश्वरीचा काळ इ. स. ५२० ते ५५० असा धरला आहे. मोठ्या हिंदू गुंफांत ही सर्वांत आधीची आणि लांबीने सर्वांत मोठी, असे त्यांचे मत. रोज लोकलमधून ज्या स्थानकावरून आपण पुढे जातो, त्याच्या पूर्वेला हे आहे!

आता समुद्रापलीकडे चला. कंबोडियात सातव्या शतकातले संस्कृत शिलालेख सापडतात आणि त्यांत पाशुपत आचार्यांचे उल्लेख येतात. त्या लेखांवरची वर्षे शकाची, म्हणजे आपल्या पंचांगात असतात तीच. शके ६०५, अर्थात इ. स. ६८३, असे वर्ष कोरलेल्या तिथल्या एका शिळेवरचे शून्य हे जगातल्या जुन्यातल्या जुन्या कोरीव शून्यांपैकी एक मानले जाते. 'अंगकोर' हा शब्दही 'नगर' या शब्दाचेच तिकडचे रूप.

पण म्हणून "सगळे आपलेच" म्हणून मोकळे होऊ नये. इथून कोणी सैन्य घेऊन तिकडे गेले नव्हते. व्यापारी गेले, ब्राह्मण गेले, गोसावी गेले; आणि त्यांनी नेलेल्यातले काय ठेवायचे, काय बदलायचे, हे ख्मेर लोकांनी स्वतः ठरवले. आपल्याकडे देवाला जागा हवी म्हणून डोंगर पोखरला. ख्मेरांचा मुलूख सपाट, भातखाचरांचा. त्यांनी दगडावर दगड रचून डोंगरच उभा केला आणि त्याला मेरू मानले. जोगेश्वरीत देवाकडे पायऱ्या उतरून जावे लागते, अंगकोरला छाती फुटेल अशा पायऱ्या चढून. देव मात्र दोन्हीकडे पर्वतातच राहतो.

हे वेगळेपण एकाच कथेत पाहायचे तर रावणाने कैलास हलवल्याचा प्रसंग घ्या. घारापुरीला हा प्रसंग काळ्या कातळात आहे, माणसाहून मोठ्या आकृतींचा. इ. स. ९६७ मध्ये प्रतिष्ठा झालेल्या बान्ते स्रेई या देवळात तोच प्रसंग गुलाबी वालुकाश्मात, लाकडावर कोरावा इतक्या नाजुकपणे आला आहे. कैलास तिथे पायऱ्यापायऱ्यांचा, ख्मेर देवळासारखा. घाबरलेली पार्वती शिवाला बिलगलेली आणि खाली श्वापदांची पळापळ. हे देऊळ राजाने नव्हे, यज्ञवराह नावाच्या राजगुरूने बांधवले. गोष्ट आपली, हात त्यांचा.

देव बदलण्याचे भोगही दोन्हीकडे सारखेच. दुसऱ्या सूर्यवर्म्याने बाराव्या शतकात विष्णूसाठी बांधलेले अंगकोर वाट पुढे बौद्धांचे झाले. आपल्या मंडपेश्वरात सोळाव्या शतकात पोर्तुगीज पाद्री आले, एका शिल्पपटाचा चक्क क्रूस झाला. आज तिथे पुन्हा महादेवाला बेल वाहिला जातो. दगड सगळ्यांना पुरून उरला.

उरला खरा, पण किती दिवस? जोगेश्वरीच्या मंडपात मध्यभागी चार दारांचे गर्भगृह आहे, भोवती वीस खांब. खडक मुळात ठिसूळ, त्यात पावसाचे पाणी झिरपलेले. लकुलीशाचा चेहरा आता ओळखीनेच ओळखावा लागतो. गेल्या काही दशकांत गुंफेच्या पार माथ्यापर्यंत घरे आली. त्या माणसांना नावे ठेवणे सोपे आहे. पण या शहरात डोक्यावर छप्पर मिळवणे म्हणजे काय, हे आपणांस कोणी सांगायला नको. शिवाय जोगेश्वरी देवीसमोर रोजचा दिवा लागतो तो याच वस्तीतल्या आयाबायांमुळे. अंगकोरलाही हा पेच सुटलेला नाही. तिथे २०२२ पासून हजारो कुटुंबे देवळांच्या परिसरातून हलवण्यात आली आणि त्यावर जगभर टीका झाली. दगड वाचवावा की चूल, हा प्रश्न दोन्ही गावांचा आहे. दोन्ही वाचतील अशी वाट शोधायला पैसा लागतो, धीर लागतो, आणि त्याआधी आस्था लागते.

ती आस्था आपल्याकडे नाही असेही नाही. १९८६ ते १९९३ या काळात, कंबोडिया यादवीत होरपळत असताना, आपल्या पुरातत्त्व खात्याची माणसे अंगकोर वाटची डागडुजी करीत होती. त्यांच्या सफाईच्या पद्धतीवर पुढे आक्षेप आले हे खरे; पण दुसरे फारसे कोणी जायला धजत नव्हते तेव्हा ती गेली होती, हेही खरे. जोगेश्वरीची गुंफा त्याच खात्याच्या संरक्षणाखाली आहे. मात्र ज्या जागेची विचारपूस करायला कोणी येत नाही, तिची काळजी कागदावरच राहते, हा कोणत्याही सरकारी खात्याचा स्वभाव आहे.

म्हणून वाचकहो, कंबोडियाला अवश्य जा. पण त्याआधी भाऊबिजेनंतरच्या एखाद्या रिकाम्या सकाळी मुलांना घेऊन जोगेश्वरीला पूर्वेला उतरा. रिक्षावाल्याला 'गुंफा' म्हटले की पुरते. आत गेल्यावर डोळे अंधाराला सरावू द्या. मग दारावरचा तो सोटेवाला झिजका गुरू मुलांना दाखवा आणि सांगा, की याच्या नावाने घर सोडलेली माणसे समुद्रापार गेली होती. मुले प्रश्न विचारतील. त्यांना विचारू द्या.